हाताचा झाला हत्ती

भोंडल्याच्या पाटावर हत्तीच का काढतात? मोर का नाही, गाय का नाही? उत्तर आपल्या हातात आहे, अगदी शब्दशः.

संस्कृत ‘हस्त’ प्राकृतात ‘हत्थ’ झाला आणि मराठीत ‘हात’. सोंडेलाही जुन्या लोकांनी हातच मानलं. ऋग्वेदात हा प्राणी येतो तो ‘मृग हस्तिन्’, म्हणजे हात असलेला पशू म्हणून. नजर पक्की होती म्हणायची! सोंडेत एकही हाड नाही, सगळी करामत स्नायूंची. आपल्याकडच्या हत्तीच्या सोंडेच्या टोकाला बोटासारखा एक उंचवटा असतो. तेवढ्यावर तो जमिनीवरचं नाणं उचलून माहुताच्या तळहातावर ठेवतो. आफ्रिकेतल्या हत्तीला अशी दोन बोटं. ‘हस्तिन्’चा ‘हत्थी’ आणि त्याचाच आपला हत्ती. संस्कृतात ‘कर’ म्हणजेही हात, आणि ‘करी’ म्हणजे पुन्हा हत्तीच.

आता पाटावरचा हत्ती. आकाशातलं हस्त नक्षत्र हे खरं तर हाताचं: पाच तारे, पाच बोटांसारखे. उन्हाळ्यातल्या रात्री चित्रेच्या जवळच ते दिसतं. पण सप्टेंबरच्या शेवटी सूर्य या नक्षत्रात शिरतो आणि परतीचा पाऊस गडगडाट करत येतो, तेव्हा शेतकऱ्याच्या तोंडी तो ‘हत्तीचा पाऊस’ होतो. हात मागे पडला, हत्ती पुढे आला, आणि मुली त्याच्याभोवती फेर धरू लागल्या. व्युत्पत्तीच्या वहीत याला घोटाळा म्हणतील. मला विचाराल तर इतका देखणा घोटाळा दुसरा नाही.

या हाताचा एक भाऊ इराणात वाढला. संस्कृतातल्या ‘ह’च्या जागी तिकडे अवेस्तेत ‘झ’ दिसतो: हस्त तो ‘झस्त’. जुन्या फारसीत त्याचा ‘दस्त’ झाला आणि पुढे दरबारी भाषेबरोबर तो मराठी दप्तरात येऊन बसला. दस्तखत म्हणजे हाताची लिखावट. जबरदस्त म्हणजे ज्याचा हात वर तो. खलबत्त्यातला दस्ताही त्याच घरचा. दस्तऐवजातही हाच हात. गंमत म्हणजे घरच्या हाताला या पाहुण्या हाताची गरजच पडत नाही: हातउसने पैसे घेताना दस्तऐवज कोण करतं?

आणि सगळ्यात अदृश्य हात शाळेतल्या पाटीवर. सत्तावीस अधिक पंधरा. सात नि पाच बारा, बाराचे दोन, हातचा एक. तो एक ना वरच्या संख्येत असतो, ना खालच्या. पोर खरोखरच एक बोट मुडपून तो धरून ठेवतं, दोन नि एक तीन, तीन नि हातचा एक चार म्हणतं, आणि मगच मूठ सोडतं.