महाळुंग, कवठ आणि १०७

९ महाळुंगं आणि ७ कवठं मिळून १०७ ला. ७ महाळुंगं आणि ९ कवठं घेतली तर १०१. मग एकेका फळाचा भाव काय? राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळातले जैन गणिती महावीराचार्य यांच्या ‘गणितसारसंग्रह’ या नवव्या शतकातल्या ग्रंथातलं हे उदाहरण.

पोरं लगेच क्ष आणि य मांडून बसतात. गरजच नाही! दोन्ही खरेद्यांची बेरीज केली की प्रत्येकी १६ फळं, किंमत २०८. म्हणजे महाळुंग-कवठाची जोडी १३ ला. आता वजाबाकी: २ महाळुंगांऐवजी २ कवठं घेतल्यावर ६ वाचले, म्हणजे भावात फरक ३ चा. महाळुंग ८, कवठ ५. (आकडे किती बेमालूम निवडलेत!)

आता तुमची पाळी. ५ आणि १० रुपयांची मिळून २० नाणी, एकूण १४५ रुपये. समीकरण न मांडता सांगा, १० ची किती?