बंदुकीतील बिघाड
बंदुकीतील बिघाड : रायफल, पिस्तूल इ. अग्निशस्त्रांच्या कार्यात येणारा यांत्रिक अडथळा. स्वयंभरण शस्त्रात काडतूस कोठीत शिरणे, बोल्ट बंद होणे, बार उडणे, रिकामी पुंगळी बाहेर पडणे व नवे काडतूस पुढे येणे या क्रिया क्षणार्धात क्रमाने घडतात. त्यांपैकी एक चुकली, तरी शस्त्र अडते.

काडतूस पुढे न येण्याचे कारण बहुधा मॅगझिनमध्ये असते. त्याची स्प्रिंग सैल झाल्यास किंवा वरच्या कडा वाकल्यास काडतूस योग्य उंचीवर व कोनात राहत नाही. चाप ओढूनही बार न उडाल्यास आघात-पिन झिजलेली वा तुटलेली असते, तिची स्प्रिंग दुर्बल असते किंवा काडतुसाच्या बुडातील टोपी निकामी झालेली असते. कधीकधी बार उशिरा उडतो; म्हणून नळी सुरक्षित दिशेला धरून काही वेळ थांबणे आवश्यक असते. क्षीण बारामुळे गोळी नळीत अडकणे विशेष धोक्याचे असते. तिच्यामागून दुसरी गोळी झाडल्यास नळी फुगते अथवा फुटते.

पितळी पुंगळी बार उडताना प्रसरण पावून कोठीच्या भिंतीस चिकटते व दाब उतरताच सुटी होते. मग बोल्टवरील आकडा तिला मागे ओढतो. कोठी गंजलेली वा काजळलेली असल्यास, किंवा दाब उतरण्यापूर्वीच बोल्ट मागे सरकू लागल्यास, पुंगळी सुटत नाही. आकडा तिच्या कडेवरून निसटतो किंवा कडच फाडतो.

व्हिएटनाम युद्धात अमेरिकी सैन्याच्या एम-१६ या ५·५६ मिमी. रायफलीत हाच दोष प्रकर्षाने आढळला. मूळ दारूऐवजी गोलकणी दारू वापरल्याने गोळीबाराचा वेग व काजळी वाढली. कोठीला क्रोमियमचा मुलामा नव्हता. दमट हवेत ती गंजे. या रायफलीस फारशी निगा लागत नाही, अशा समजुतीने सैनिकांना साफसफाईचे साहित्य व शिक्षणही पुरेसे मिळाले नव्हते. ऐन चकमकीत अडकलेली पुंगळी गजाने ढकलून काढावी लागे व त्यात काहींचे प्राण गेले. १९६७ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या उपसमितीने चौकशी केली. पुढे कोठीस क्रोमियमचा मुलामा देणे, बोल्टची गती आवरणाऱ्या भागात बदल करणे, साफसफाईचे साहित्य पुरविणे इ. उपायांनी हा दोष बराच कमी झाला. शस्त्र, दारूगोळा व निगा यांपैकी एकात केलेला बदल उरलेल्या दोहोंशी ताडून न पाहिल्यास निर्दोष रचनाही अडते, हे यावरून दिसून येते. [⟶ काडतूस; रायफल].