हिशेब जुळला, दुखणं राहिलं

फेंटानिल या तीव्र वेदनाशामकाच्या नेहमीच्या छोट्या कुपीत दोन मिलिलिटर द्रव असतो आणि त्यात १०० मायक्रोग्रॅम औषध. डॉक्टरांनी ५० मायक्रोग्रॅम लिहिले की नर्स एक मिलिलिटर सिरिंजमध्ये ओढते आणि रुग्णाला देते. मग उरलेल्या एका मिलिलिटरचं काय होतं? अमेरिकेतल्या इस्पितळांत नर्सेस आणि तंत्रज्ञांच्या हातून गुंगीच्या औषधांची चोरी कशी होते हे समजून घ्यायचं असेल, तर कुलूपबंद कपाटापेक्षा या उरलेल्या थेंबांकडे आधी पाहावं लागतं.

कुपी नर्सच्या हातात येईपर्यंत तिच्यावरचा पहारा कडक असतो. १९७०च्या कंट्रोल्ड सबस्टन्सेस ॲक्टनुसार फेंटानिल, मॉर्फिन, ऑक्सिकोडोन, हायड्रोमॉर्फोन ही औषधं दुसऱ्या अनुसूचीत येतात: उपचारासाठी मान्य, पण व्यसनाचा धोका मोठा. कारखाना, घाऊक वितरक, इस्पितळाची फार्मसी या प्रत्येकाची डीईए या केंद्रीय यंत्रणेकडे नोंदणी लागते आणि प्रत्येक देवघेवीचा कागद राहतो. फार्मसीच्या तिजोरीतून औषध वॉर्डातल्या यंत्र-कपाटात जातं. पिक्सिस आणि ऑम्निसेल ही त्यातली परिचित नावं. हे कपाट साधारण एटीएमसारखं चालतं. नर्स बोटाचा ठसा देते, पडद्यावर रुग्णाचं नाव आणि औषध निवडते, आणि तेवढाच खण उघडतो. आत किती कुप्या असायला हव्यात हे यंत्र सहसा सांगत नाही, उलट तिलाच मोजून आकडा भरायला लावतं. तो जुळला नाही तर तफावतीची नोंद होते आणि ड्यूटी संपायच्या आत तिचा उलगडा करावा लागतो. पुढे खाटेपाशी रुग्णाच्या मनगटावरच्या पट्टीचा आणि औषधाचा बारकोड वाचला जातो. म्हणजे कारखान्यापासून खाटेपर्यंत प्रत्येक टप्प्यावर कोणीतरी, किंवा काहीतरी, मोजत असतं.

ही मोजणी सिरिंज भरली की थांबते. उरलेलं औषध टाकून देण्याला तिथे ‘वेस्ट’ करणं म्हणतात, आणि त्यासाठी दुसऱ्या नर्सची साक्ष लागते. नियम असा की तिने उरलेला द्रव स्वतःच्या डोळ्यांनी पाहायचा, तो ठरलेल्या डब्यात ओतला जाताना तिथे हजर राहायचं, आणि मग यंत्रावर स्वतःची ओळख देऊन साक्ष नोंदवायची. प्रत्यक्षात अतिदक्षता विभागात रात्री तीन वाजता काय होतं, हे कुठल्याही नर्सला विचारा. “जरा माझं वेस्ट साइन करतेस का?” अशी हाक येते. ऐकणारीचे दोन्ही हात तिच्या रुग्णात अडकलेले असतात. ती दोन मिनिटांनी येते, तोवर सिरिंज रिकामी झालेली असते. बरोबर काम करणाऱ्या मैत्रिणीला “दाखव बरं” म्हणणं म्हणजे तिच्यावर संशय घेणं, असं वाटतं. ती बोट टेकवते आणि निघून जाते. आणि ती अगदी वेळेवर आली, समोर उभी राहिली, तरी तिला दिसणार काय? फेंटानिल रंगहीन, सलाइन रंगहीन, नळाचं पाणीही रंगहीन.

एवढी तटबंदी शेवटी एका सहकाऱ्याच्या नजरेवर येऊन टेकते, आणि ती नजर पाण्यातून औषध वेगळं ओळखू शकत नाही. काही इस्पितळं म्हणूनच उरलेली सिरिंज फार्मसीत परत मागवतात आणि त्यातल्या काही अचानक निवडून द्रवाचा अपवर्तनांक मोजतात. औषधाचा आणि सलाइनचा अपवर्तनांक वेगळा असतो, त्यामुळे सिरिंजमध्ये सलाइन भरलेलं असेल तर ते तिथे तरी कळतं.

उरलेलं चोरणं ही पहिली पायरी. तिथे रुग्णाला त्याचा डोस मिळालेला असतो, निदान मिळण्याची शक्यता असते. पुढची पायरी म्हणजे ‘गरज पडल्यास द्या’ असं लिहून ठेवलेलं औषध रुग्णाने मागितलेलंच नसताना काढायचं आणि दिल्याची नोंद करायची. गोळ्यांच्या बाबतीत हे सोपं जातं. बोस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलने २०१५ मध्ये औषधांच्या सांभाळातल्या त्रुटींबद्दल २३ लाख डॉलर भरून सरकारशी तडजोड केली. त्या प्रकरणात दोन नर्सेसनी मिळून जवळपास १६,००० गोळ्या लांबवल्याचं निघालं होतं. इतक्या नामांकित इस्पितळात, यंत्र-कपाटातून! शेवटची पायरी सगळ्यात वाईट. तिथे औषध काढून घेऊन त्याच्या जागी दुसरंच काही भरून ठेवलं जातं. मोजणीत कुपी हजर, बारकोड बरोबर, रजिस्टर निर्दोष, आणि रुग्णाच्या शिरेत सलाइन.

न्यू हॅम्पशायरमधल्या एक्सेटर हॉस्पिटलच्या कॅथलॅबमध्ये, म्हणजे हृदयतपासणीच्या विभागात, हेच झालं. डेव्हिड क्वियाटकोव्स्की हा नर्स नव्हता, फिरतीवर काम करणारा तंत्रज्ञ होता. रुग्णांसाठी भरून ठेवलेल्या फेंटानिलच्या सिरिंजा तो उचलायचा, स्वतःला टोचून घ्यायचा, आणि त्याच सिरिंजांत सलाइन भरून त्या परत ठेवायचा. त्याला हिपॅटायटिस सी होता. २०१२ मध्ये या इस्पितळातल्या रुग्णांमध्ये एकाच जातीचा विषाणू सापडू लागला तेव्हा माग काढत तपास त्याच्यापर्यंत पोहोचला. वेगवेगळ्या राज्यांतल्या किमान ४५ रुग्णांना त्याच्यापासून लागण झाल्याचं मानलं जातं, त्यातले ३२ न्यू हॅम्पशायरचे. २०१३ मध्ये त्याला ३९ वर्षांची शिक्षा झाली. त्याआधी २०१० मध्ये ॲरिझोनातल्या एका इस्पितळात तो स्वच्छतागृहात बेशुद्ध सापडला होता, जवळ फेंटानिलचं लेबल असलेली सिरिंज होती. तिथून त्याला काढलं गेलं, आणि त्याला पुढची नोकरी मिळाली. आपल्याकडची ब्याद गेली ना, मग पुढच्याला कळवण्याची भानगड कशाला, ही वृत्ती आपल्याला काही परकी नाही.

असे उद्रेक दुर्मीळ असले तरी एकटे नाहीत. सीडीसी या अमेरिकी रोगनियंत्रण संस्थेतल्या संशोधकांनी २०१४ मध्ये आधीच्या दहा वर्षांतले असे सहा उद्रेक एकत्र मांडले. तीन तंत्रज्ञांमुळे, तीन नर्सेसमुळे. चारांत हिपॅटायटिस सी पसरला होता आणि ८४ रुग्ण बाधित झाले होते. दोनांत वेदनाशामकाच्या पंपाशी छेडछाड झाल्याने ३४ जणांच्या रक्तात जिवाणू शिरले होते. सुमारे ३०,००० लोकांना ‘तुम्हालाही धोका झाला असू शकतो’ म्हणून तपासणीसाठी बोलवावं लागलं.

पण मला या विषयातलं सगळ्यात बोलकं प्रकरण येल विद्यापीठाच्या प्रजनन-उपचार केंद्रातलं वाटतं, कारण तिथे विषाणू नव्हता, उद्रेक नव्हता, फक्त दुखणं होतं. आयव्हीएफसाठी स्त्रीबीजं काढताना योनिमार्गातून सुई अंडाशयापर्यंत नेतात. त्यासाठी तिथे फेंटानिल दिलं जाई. २०२० च्या जून ते ऑक्टोबर या काळात तिथली एक नर्स कुप्या घरी नेऊन त्यातलं औषध काढत होती आणि सलाइन भरून त्या परत आणत होती. औषधांची मागणी आणि साठा पाहण्याचं काम तिच्याचकडे होतं. त्या महिन्यांत रुग्णांना दिलेल्या फेंटानिलपैकी सुमारे ७५ टक्के भेसळीचं होतं, असं सरकारी वकिलांनी न्यायालयात मांडलं. काही कुप्यांत औषध पातळ झालेलं, काहींत अजिबात नव्हतं.

टेबलावरच्या बायका सांगत होत्या, मला सगळं जाणवतंय, फार दुखतंय. त्यांना आणखी डोस दिला गेला, म्हणजे आणखी सलाइन. कोणाची सहनशक्ती कमी असेल, कोणाला औषध कमी लागू पडत असेल, अशी स्पष्टीकरणं तयारच असतात. रजिस्टरप्रमाणे तर त्यांना पूर्ण औषध मिळालं होतं. संशय आला तो एका कुपीचं झाकण सैल दिसल्यावर. इतक्या जणींच्या ओरडण्यापेक्षा त्या झाकणाची साक्ष भारी ठरली. २०२१ मध्ये त्या नर्सला चार वीकेंड तुरुंगवास आणि तीन महिने घरात स्थानबद्धता झाली. पुढच्या वर्षी येलने ३,०८,२५० डॉलर भरून सरकारशी तडजोड केली. ती रक्कम औषधांच्या नोंदी आणि सांभाळातल्या त्रुटींसाठी होती. ‘द रिट्रीव्हल्स’ या २०२३ च्या पॉडकास्टमध्ये त्या रुग्ण स्त्रिया स्वतः बोलल्या, तेव्हा प्रकरणाची ही बाजू ठळकपणे जगापुढे आली.

चोरी पकडणारी आजची संगणकप्रणाली काय बघते? एकाच विभागात, एकसारख्या रुग्णांवर काम करणाऱ्या नर्सेसची ती आपसात तुलना करते. कोण इतरांपेक्षा फारच जास्त फेंटानिल काढते? लहान कुपी असताना मोठी कोण घेते, म्हणजे उरेलच? कोणाच्या वेस्टला नेहमी एकच साक्षीदार असते? औषध काढलं आणि दिलं यात वीस-वीस मिनिटं कोणाची जातात? रुग्ण घरी गेल्यावरही त्याच्या नावावर औषध कोणी काढलं? यातलं एकेक सुटं घेतलं तर काहीच सिद्ध होत नाही. शस्त्रक्रियेनंतरचे रुग्ण सांभाळणारी नर्स जास्त औषध काढणारच. म्हणून आकडा हे चौकशीचं निमित्त असतं, निकाल नव्हे. अनुभवी तपासनीस मात्र आणखी एक गोष्ट विचारतात: हिच्या पाळीत नोंदीप्रमाणे पूर्ण डोस मिळूनही रुग्ण जास्त कण्हतात का, आणि पाळी बदलली की त्यांना आराम पडतो का? माझ्या मते हा प्रश्न यादीत पहिला असायला हवा. वेदनेचा शून्य ते दहा असा आकडा तिथे प्रत्येक रुग्णाच्या कागदावर दर काही तासांनी लिहिलेलाच असतो.

आता चोरी करणारी ती नर्स. आपल्या डोळ्यांपुढे येते ती कामचुकार, झिंगलेली बाई. वॉर्डात दिसते ती बहुतेकदा उलट. जादा ड्यूटीला पहिली हात वर करणारी, सुट्टीच्या दिवशी डोकावणारी, “तू जेवून ये, तुझ्या पेशंटचं इंजेक्शन मी देते” म्हणणारी. औषध जिथे आहे तिथे तिला राहायचं असतं, आणि ते ठिकाण म्हणजे तिची नोकरी. नोकरीतली शिस्त सगळ्यात शेवटी ढासळते. घर, पैसा, नाती त्याआधी गेलेली असतात. सुरुवात पुष्कळदा खऱ्या दुखण्यातून होते. जड रुग्ण उचलून, वळवून कंबर गेलेली असते, डॉक्टरांनी गोळ्या लिहून दिलेल्या असतात, रात्रपाळीने झोप उडालेली असते. त्यात ज्ञानाचा दगा असतो. डोस कळतो, लक्षणं कळतात, म्हणून आपण ते आटोक्यात ठेवू असं वाटतं. भूलतज्ज्ञांच्या व्यवसायात हा धोका जुना आणि ओळखीचा आहे.

चोरी किंवा मोठी घट लक्षात आल्यावर इस्पितळाने डीईएला एका कामकाजाच्या दिवसात लेखी कळवायचं असतं. नर्सच्या परवान्याचं प्रकरण राज्याच्या नर्सिंग बोर्डाकडे जातं. तिथे दोन वाटा फुटतात. एक शिक्षेची. दुसरी उपचाराची, जी फ्लोरिडाने १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला चालू केली आणि नंतर बहुतेक राज्यांनी उचलली. या वाटेवर परवाना टिकतो, पण अटी जाचक असतात. सहसा तीन ते पाच वर्षांचा करार. रोज सकाळी ॲपवर किंवा फोनवर हजेरी लावून आज लघवीची तपासणी आहे का हे पाहायचं. कामावर परतल्यावर सुरुवातीचे सहा महिने ते वर्षभर गुंगीच्या औषधांना हात लावायचा नाही, रात्रपाळी आणि ओव्हरटाइम नाही. तिच्या रुग्णाला मॉर्फिन द्यायचं झालं तर दुसरी नर्स येऊन देते, आणि का ते सगळ्या वॉर्डाला कळतं. तपासण्यांचा खर्चही बहुधा तिच्याच खिशातून. हे लाड नव्हेत. नुसती शिक्षाच समोर असेल तर मैत्रिणीला संशय येऊनही ती तोंड उघडत नाही, कारण आपल्या एका वाक्याने तिचं घर बसेल ही भीती असते, आणि तोवर टेबलावर सलाइन टोचलं जात राहतं. मात्र औषधाच्या जागी पाणी भरलं गेलं असेल तर प्रकरण परवान्यापुरतं राहत नाही. तो रुग्णावरचा गुन्हा आहे आणि फौजदारी खटला व्हायलाच हवा.

भारतात हाच हिशेब दुसऱ्या टोकाला गेला. अमली पदार्थांवरच्या १९८५च्या एनडीपीएस कायद्यानंतर मॉर्फिन ठेवण्यासाठी अनेक परवाने लागू लागले. ते वेगवेगळ्या खात्यांचे, आणि एकाच वेळी सगळे वैध असायला हवेत. कारकुनी चुकीलाही कडक शिक्षेची भीती. इस्पितळांनी सोपा मार्ग काढला: ठेवायचंच नाही. मध्य प्रदेश, राजस्थान, उत्तर प्रदेशात सरकारी परवान्याने अफू पिकत राहिली आणि कर्करोगाचे रुग्ण मॉर्फिनवाचून तळमळत राहिले. केरळचे डॉ. एम. आर. राजगोपाल आणि त्यांच्या पॅलियम इंडिया संस्थेसह अनेकांनी वर्षानुवर्षं पाठपुरावा केल्यावर २०१४ मध्ये कायदा बदलला. आता मॉर्फिन, फेंटानिलसह सहा औषधांसाठी राज्याच्या औषध नियंत्रकांची एकच मान्यता पुरते, आणि मान्यताप्राप्त संस्थेत प्रशिक्षित डॉक्टर असावा लागतो. वॉर्डात दुहेरी कुलपाचं कपाट, इन्चार्ज सिस्टरकडची किल्ली, पाळी सोपवताना (ओव्हर देताना) मोजणी आणि रिकाम्या ॲम्प्युल परत करणं, हे आपल्या सिस्टरांच्या अंगवळणी पडलेलंच आहे. पण रिकामी ॲम्प्युल एवढंच सांगते की ती फुटली. औषध कोणाच्या शरीरात गेलं, हे सांगू शकणारा माणूस खाटेवर असतो, आणि दुपारच्या राउंडला त्याचं दुखणं किती आहे हा प्रश्न अजूनही पुष्कळ वॉर्डांत तापमान आणि रक्तदाबाच्या शेजारी लिहिला जात नाही.