बार्शी लाइट : छोट्या रुळांचा हिशेब

कुर्डुवाडी जंक्शनचे मूळ नाव ‘बार्शी रोड’. रेल्वेच्या परिभाषेत स्थानकाच्या नावापुढे ‘रोड’ लागले की ते गाव तेथे नाही, तेथून त्या गावाकडे रस्ता जातो, एवढाच अर्थ घ्यावयाचा असतो. ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेचा लोहमार्ग १८५९ मध्ये या ठिकाणी आणि १८६० मध्ये सोलापुरास पोहोचला. परंतु बालाघाटावरील कापूस आणि गळिताची धान्ये ज्या पेठेत उतरत, ती बार्शी मात्र एकवीस-बावीस मैल बाजूला राहिली. बार्शीचे तिकीट काढून उतरणाऱ्या प्रवाशास पुढे बैलगाडी शोधावी लागे आणि बार्शीच्या मालाला मुंबईचा रस्ता धरण्यापूर्वी काळ्या मातीशी झुंजावे लागे. पावसाळ्यात या मातीत गाडीची चाके आसापर्यंत रुतत. मग पेठ आणि स्थानक यांच्यातील वीस मैल हे स्थानक आणि मुंबई यांच्यातील अडीचशे मैलांहून जड होत.

ही अडचण सर्वांनाच दिसत होती. ती सोडविण्याचा विचार ज्याने चिकाटीने केला, तो एव्हरार्ड कॅलथ्रॉप हा १८८२ साली भारतात येऊन जी. आय. पी. रेल्वेच्या नोकरीत लागलेला तरुण इंग्रज अभियंता होता. मुख्य मार्गाच्या मापाचा, म्हणजे साडेपाच फूट रुंदीचा, फाटा बार्शीपर्यंत टाकावयाचा तर त्याचा खर्च त्या प्रदेशाच्या उत्पन्नातून कधीच निघाला नसता. कॅलथ्रॉपचे म्हणणे असे की, प्रदेश गरीब असेल तर रेल्वे नाकारण्याऐवजी त्याच्या कुवतीची रेल्वे बांधावी. प्रत्यक्ष काम उभे राहण्यास अनेक वर्षे गेली. अखेर १८९५ मध्ये लंडनमध्ये बार्शी लाइट रेल्वे कंपनी स्थापन झाली आणि मार्च १८९७ मध्ये बार्शी रोड ते बार्शी अशी अडीच फूट रुंदीच्या रुळांवरील गाडी धावू लागली. तो सोलापूर जिल्ह्याला दुष्काळाने ग्रासलेला काळ होता, हेही ध्यानात ठेवावे.

या रेल्वेकडे केवळ ‘छोटी गाडी’ म्हणून पाहणाऱ्यांच्या नजरेतून तिचे खरे वैशिष्ट्य निसटते. रूळ जवळजवळ टाकले म्हणजे रेल्वे स्वस्त होते, असा समज त्या काळी होता आणि आजही आहे. कॅलथ्रॉपचा हिशेब याहून सूक्ष्म होता. रुळाची जाडी ठरते ती गाडीच्या एकूण वजनावरून नव्हे. चाकांच्या एका जोडीवर, म्हणजे एका आसावर, जास्तीत जास्त किती भार येतो यावरून ती ठरते. सर्वसाधारण रेल्वेत इंजिनाच्या आसावर फार भार असतो आणि डब्यांच्या आसावर त्यामानाने कमी. म्हणजे इंजिनासाठी विकत घेतलेले जाड पोलाद उरलेल्या साऱ्या गाडीखाली व्यर्थ पडून राहते. कॅलथ्रॉपने इंजिन आणि भरलेला डबा या दोहोंच्या आसांवरील भार एकच, पाच टन, ठरविला. इंजिनाचे वजन अनेक चाकांवर वाटून दिले. लीड्सच्या किट्सन कंपनीने बांधलेल्या पहिल्या इंजिनांना आठ चालक चाके आणि मागे आणखी चार चाके होती. मालडबे दाबून घडविलेल्या पोलादी सांगाड्याचे, लांब आणि आठ चाकांचे केले. त्यामुळे डब्याचे स्वतःचे वजन कमी झाले व मालाचे प्रमाण वाढले. एवढ्या व्यवस्थेनंतर एका यार्डास अवघे तीस पौंड वजनाचे हलके रूळ पुरेसे झाले. ही सामग्री भारतात पाठविण्यापूर्वी लीड्सजवळ न्यूले येथे खास मार्ग टाकून तिची चाचणी घेण्यात आली. बार्शीच्या या धड्यावरच पुढे १९०४ मध्ये इंग्लंडच्या स्टॅफर्डशायर परगण्यात लीक ॲण्ड मॅनिफोल्ड ही रेल्वे उघडली. विलायतेतून यंत्रे आणि कल्पना यावयाच्या व येथून कापूस जावयाचा, या नित्यक्रमात माढा-बार्शीच्या माळावर तपासलेली कल्पना उलट दिशेने गेल्याचे हे उदाहरण विरळाच. (कॅलथ्रॉपने पुढे विमानातून उतरण्याच्या छत्रीचाही शोध लावला, पण तो विषय निराळा.)

रेल्वे पुढे दोन्ही अंगांनी वाढली. १९०६ मध्ये ती पंढरपुरास, १९०७ मध्ये तडवळ्यास, १९११ मध्ये लातुरास आणि १९२७ मध्ये मिरजेस पोहोचली. त्याच १९२७ साली कॅलथ्रॉपचा मृत्यू झाला. लातूर ते मिरज हा सुमारे सव्वातीनशे किलोमीटरचा मार्ग इंग्रजी अंमलातील सोलापूर जिल्हा, निजामाचा मुलूख आणि दक्षिणेतील संस्थाने यांच्या सरहद्दी ओलांडीत जाई. कुर्डुवाडी त्याच्या मध्यावर होती. मुंबई-मद्रास मार्गावरील एक साधे स्थानक होते, तेथे जंक्शन आले, कारखाना आला, रेल्वे कामगारांची वस्ती आली. गाव असे वाढले ते त्या अडीच फुटांच्या रुळांमुळे.

पंढरपूरच्या बाबतीत या रेल्वेने जे केले त्याची मोजदाद केवळ तिकिटांच्या संख्येने होणार नाही. पायी वारीची परंपरा रेल्वेने मोडली नाही. ती आजही तितकीच जिवंत आहे. परंतु ज्याला वीस दिवस चालणे शक्य नाही असा म्हातारा, जिला घर आणि शेत इतके दिवस सोडता येत नाही अशी बाई, वऱ्हाड-खानदेशातून मुख्य मार्गाने येणारा भाविक, या सर्वांना कुर्डुवाडीहून चंद्रभागेपर्यंतची वाट या गाडीने खुली केली. पायी आलेल्यांपैकीही पुष्कळजण एकादशीनंतर परतताना तिचाच आश्रय घेत, कारण पेरण्या खोळंबलेल्या असत.

असे असले तरी या रेल्वेच्या जन्मातच एक दोष होता आणि तो कॅलथ्रॉपलाही ठाऊक होता. दोन मापांचे रूळ जेथे भेटतात तेथे डबा पुढे जाऊ शकत नाही. लातूरची तूर मुंबईस जावयाची तर कुर्डुवाडीला प्रत्येक पोते छोट्या डब्यातून उतरवून मोठ्या डब्यात चढवावे लागे. तेथे वेळ जाई, हमाली पडे, पोती फाटत. लीक ॲण्ड मॅनिफोल्डवर कॅलथ्रॉपने यावर तोड म्हणून मोठ्या मापाचा अख्खा डबाच छोट्या मापाच्या वाहकगाडीवर चढवून नेण्याचा प्रयोग केला. तीही रेल्वे १९३४ मध्ये बंद पडली. बैलगाडीच्या तुलनेत एकदा माल हलविण्याचा खर्च क्षुल्लक होता. पण मोटारट्रक व्यापाऱ्याच्या दारातून निघून थेट मुंबईच्या गोदामाशी थांबू लागला, तेव्हा तोच खर्च जिवावर बेतला. १९५४ च्या आरंभी सरकारने कंपनी विकत घेतली आणि रेल्वे मध्य रेल्वेत समाविष्ट झाली. एस. टी.च्या गाड्या गावोगावी पोहोचल्या. कालांतराने वाफेची इंजिने जाऊन डिझेलची आली, परंतु वेग रुळांनीच बांधून ठेवलेला होता.

म्हणूनच रुंदमापी मार्गाची मागणी ही कोणा बाहेरच्याने लादलेली नव्हती. लातूर, बार्शी, सांगोले येथील लोक ती वर्षानुवर्षे करीत होते. कुर्डुवाडी-पंढरपूर मार्ग या शतकाच्या आरंभी बदलला. लातूर ते कुर्डुवाडी हा भाग २००७ व २००८ मध्ये आणि पंढरपूर-मिरज हा शेवटचा तुकडा २०११ मध्ये रुंदमापी झाला. या बदलात एक जुना अन्यायही दूर झाला. उस्मानाबाद, म्हणजे आजचे धाराशिव, जिल्ह्याचे ठिकाण असूनही छोटी गाडी त्याला बगल देऊन येडशीवरून जाई. नव्या मार्गाने शहराला स्थानक मिळाले. आज लातूरचा विद्यार्थी कुर्डुवाडीला गाडी न बदलता मुंबईस जातो.

याहून मोठा दाखला २०१६ सालचा आहे. मांजरा धरण कोरडे पडून लातूर शहर तहानलेले असताना त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये मिरजेहून पाण्याची रेल्वेगाडी निघाली. १२ एप्रिलच्या पहाटे दहा टाक्यांतून सुमारे ५ लाख लिटर पाणी लातुरास पोहोचले. पुढे पन्नास टाक्यांची गाडी एका खेपेस सुमारे २५ लाख लिटर नेऊ लागली. ज्या मार्गाने ती गेली, तो मिरज-पंढरपूर-कुर्डुवाडी-बार्शी-लातूर हा बार्शी लाइटचाच मार्ग होता. अडीच फुटांचे रूळ तसेच असते तर त्या टाक्या मिरजेतच थांबल्या असत्या. छोट्या गाडीच्या आठवणीने व्याकूळ होणाऱ्यांनी हे पाणी विसरता कामा नये.

मग या अरुंद रुळांविषयी माणसाला वाटणारी ओढ ती कशाची? वेग हे एकच परिमाण मानले तर तिचा उलगडा होत नाही. छोटी गाडी माणसाच्या मापाची असते. खिडकीतून पिकातल्या कणसाची जात ओळखता येते, शेतातल्या माणसाशी दोन शब्द बोलता येतात, गार्ड आणि प्रवासी एकमेकांना नावाने ओळखतात. पण या ओढीतही डावे-उजवे आहे. १८८१ ची दार्जिलिंगची रेल्वे १९९९ मध्ये आणि १९०३ ची कालका-शिमला रेल्वे २००८ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशात गेली. आदमजी पीरभॉय यांच्या कुटुंबाने बांधलेली १९०७ ची नेरळ-माथेरान गाडी २००५ च्या अतिवृष्टीत उद्ध्वस्त होऊनही पुन्हा उभी करण्यात आली, पुढे २०१९ नंतर बंद पडली तीही २०२२ मध्ये सुरू झाली. या साऱ्या थंड हवेच्या ठिकाणी जाणाऱ्या गाड्या आहेत. ज्यांनी कापूस वाहिला, त्यांच्या वाट्याला हे प्रेम आले नाही. मूर्तिजापूरहून यवतमाळ आणि अचलपूरकडे जाणारी विदर्भाची ‘शकुंतला’ अलीकडच्या वर्षांत थांबली. मियागाम-डभोई मार्गावर १८६२ मध्ये खंडेराव गायकवाडांनी बैल जुंपून भारतातील पहिली अरुंदमापी गाडी चालविली, हे बडोद्याशी नाते सांगणाऱ्या मराठी घरांतही किती जणांस ठाऊक असेल?

हवा खाण्याची गाडी तेवढी वारसा आणि मालाची गाडी म्हणजे भंगार, असा नियम कोठेही लिहिलेला नाही. वेल्समधील टॅलिलिन ही रेल्वे खाणीतून पाटीचा दगड वाहण्यासाठी बांधलेली होती. ती बंद पडण्याच्या बेतात असताना १९५१ मध्ये स्वयंसेवकांनी चालविण्यास घेतली आणि ती आजही धावते. सोलापूर जिल्ह्यात असे सव्वातीनशे किलोमीटर जपणे शक्यही नव्हते आणि इष्टही नव्हते. परंतु एखादे इंजिन रंगवून चौथऱ्यावर चढविले म्हणजे जतन झाले, असेही नव्हे. चौथऱ्यावरच्या इंजिनाला पाच टनांचा हिशेब सांगता येत नाही. या रेल्वेचे नकाशे, मालाच्या वह्या, वेळापत्रके, कारखान्यातील आरेखने एकत्र करणे, आणि ज्यांनी कुर्डुवाडीच्या फलाटावर एका डब्यातून दुसऱ्या डब्यात पोती वाहिली त्या माणसांचे बोल ती माणसे आहेत तोवर लिहून ठेवणे, याला फारसा पैसा लागत नाही. सोलापूरच्या विद्यापीठातील इतिहासाचे विद्यार्थी आणि जिल्ह्यातील अभियांत्रिकी महाविद्यालये यांना विषय शोधीत दूर जाण्याचेही कारण नाही.

कुर्डुवाडीचा रेल्वे कारखाना अद्याप उभा आहे. बार्शी लाइट गेल्यावरही छोट्या मापाचे काम तेथून पुरते हद्दपार झाले नाही. माथेरानच्या गाडीचे डबे दुरुस्तीला याच कारखान्यात येत आले आहेत. नेरळहून ते येतात मात्र मोठ्या मापाच्या रुळांवरून किंवा रस्त्यावरून, दुसऱ्याच्या पाठीवर बसून.