शेंगदाण्याची चिक्की : आधी निवड, मग पाक

साक्री तालुक्यात पांझरा व कान या नद्यांच्या खोऱ्यांत भुईमूग हे जुने व ओळखीचे पीक होय. खरिपाच्या शेंगा घरात आल्या की थंडीत गूळ-दाण्याचे लाडू व चिक्की केली जाते. शेंगदाण्यात वजनाच्या सुमारे चौथा हिस्सा प्रथिने व जवळजवळ निम्मे तेल असते. त्यामुळे वाढत्या मुलांना व कष्टकऱ्यांना हा खाऊ उपयुक्त आहे. मात्र त्याची प्रत चुलीवर नव्हे, खळ्यातच ठरते.

पुष्कळदा टपोऱ्या शेंगा बाजारात जातात आणि फुटक्या, काळपट शेंगा घरखर्चास राहतात. ही काटकसर हितावह नाही. ओलसर शेंगांवर पिवळसर-हिरवी बुरशी येते व तीतून अफ्लाटॉक्सिन नावाचे विष तयार होते. १९६० साली इंग्लंडमध्ये सुमारे १ लाख टर्की पक्षी दगावले. त्यांच्या खाद्यातील भुईमुगाच्या पेंडीत हेच विष निघाले. ते यकृतास अपाय करते. दीर्घकाळ पोटात गेल्यास त्यापासून कर्करोगही संभवतो. दाणे भाजल्याने ते पुरते नाहीसे होत नाही. शिवाय एकदा कूट केले की खराब दाणा ओळखू येत नाही, व गुळाच्या गोडीत त्याची कडवट चव लपते.

यासाठी काढणीनंतर शेंगा पातळ थरात वाळवाव्यात व परतीच्या पावसाची चिन्हे दिसताच छपराखाली घ्याव्यात. ओलावा ८ टक्क्यांच्या आसपास यावा. शेंग हलवली असता दाणे खुळखुळले व दाण्याचे साल बोटांनी चोळताच सुटले, म्हणजे शेंगा वाळल्या असे समजावे. साठवण शेंगांचीच करावी; दाणे लागतील तसे फोडावेत. बुरशी आलेले, काळे पडलेले व सुरकुतलेले दाणे वेचून पुरून टाकावेत. ते दुभत्या जनावरांनाही घालू नयेत, कारण विषाचा अंश दुधात उतरतो.

चिक्कीसाठी ५०० ग्रॅम निवडलेले दाणे मंद आचेवर खमंग भाजावेत, साले पाखडून काढावीत व दाण्यांच्या डाळी कराव्यात. पोळपाट व लाटण्यास आधीच तूप लावून ठेवावे. जाड बुडाच्या कढईत चमचाभर तूप व ४०० ग्रॅम चिरलेला गूळ घालून मंद आचेवर सतत ढवळावे. पाकाचा थेंब गार पाण्यात टाकून पाहावा. तो ताणला गेल्यास पाक कच्चा आहे. कटकन तुटल्यास झाला. लगेच दाणे मिसळावेत, मिश्रण पोळपाटावर पातळ लाटावे व गरम असतानाच वड्या कापाव्यात. गूळ हवेतील दमटपणा ओढून घेतो, म्हणून पूर्ण गार झालेल्या वड्या घट्ट झाकणाच्या डब्यात भराव्यात.

पाच वर्षांखालील मुलांना अख्खे दाणे देऊ नयेत, ते घशात अडकण्याचा धोका असतो. त्यांच्यासाठी बारीक कूट व किसलेला गूळ एकत्र कुटून मऊ लाडू वळावेत. ज्यांना शेंगदाणा सोसत नाही, त्यांना यांपैकी काहीही देऊ नये. भगिनींनी चिक्की विक्रीसाठी करावयाची ठरवल्यास अन्न सुरक्षा कायदा, २००६ प्रमाणे नोंदणी करून घ्यावी.

तात्पर्य, बाजाराचे माप होण्याआधी चांगल्या शेंगांचा वाटा घरच्या डब्यासाठी बाजूला काढावा.