चाकांच्या खुर्चींतील गुरु

ज्यास स्वतः पोहतां येत नाहीं त्यानें दुसऱ्यास पोहणें शिकवूं नये, असें आपण सहज म्हणून जातों. अमेरिकेंतील एका खेळाडूची हकीकत मात्र या समजुतीस धक्का देणारी आहे.

अमेरिकन लोक ज्यास फुटबॉल म्हणतात, त्या खेळांत चेंडू बहुधा हातांतच असतो. गोल मारण्याचें पायाचें काम ‘किकर’ नांवाच्या एकट्या गड्याकडे. दहा फूट उंचीवर एक आडवी दांडी आणि तिच्यावर साडेअठरा फूट अंतरानें दोन उभे खांब. त्यांमधून चेंडू पार गेला कीं तीन गुण. चेंडू मागें येणें, सोबत्यानें तो जमिनीवर उभा धरणें आणि किकरनें लाथ मारणें, हें सारें दीड सेकंदाच्या आंत उरकावें लागतें. मुख्य धंदेवाईक संघ अवघे ३२, आणि प्रत्येकास बहुधा एकच किकर पुरतो. कॉलेजांतून दरवर्षीं बाहेर पडणाऱ्या तरुणांस जागा त्या कितीशा असणार?

अ‍ॅडम विनाटिएरी हा अशांपैकींच एक. त्याचा जन्म १९७२ सालीं साउथ डाकोटांतील यँक्टन गांवीं झाला. वेस्ट पॉइंटच्या लष्करी विद्यालयांतून तो थोडक्याच दिवसांत परतला व आपल्याच राज्याच्या विद्यापीठाकडून खेळला. कॉलेज संपलें, पण एकाही धंदेवाईक संघानें त्याची निवड केली नाहीं.

तेव्हां तो व्हर्जिनियांतील अ‍ॅबिंग्डन गांवीं डग ब्लेव्हिन्स यांजकडे शिकावयास गेला. तेथें गिऱ्हाइकांची सरबराई करून तो पोट भरी आणि उरलेल्या वेळांत चेंडू मारी. ब्लेव्हिन्स यांस जन्मतःच सेरेब्रल पाल्सी हा विकार जडलेला. त्यांचें सारें वावरणें चाकांच्या खुर्चींतून. त्यांनीं स्वतः कधींही चेंडूस लाथ मारलेली नव्हती! परंतु इतरांचा खेळ बारकाईनें न्याहाळून त्यांनीं ही विद्या हस्तगत केली होती. टेकलेला पाय चेंडूपासून किती दूर पडला, मान वेळेआधीं वर झाली काय, अंगाचा झोंक कोणीकडे गेला, हें लाथ मारणाऱ्यास दिसत नाहीं, पाहणाऱ्यास दिसतें.

१९९६ सालीं विनाटिएरी प्रथम ॲम्स्टरडॅमच्या संघांत खेळला, आणि त्याच वर्षीं न्यू इंग्लंड पेट्रिअट्स संघांत मॅट बार या चाळिशींतील अनुभवी किकरच्या जागीं त्याची नेमणूक झाली. आरंभीं त्याचे नेम चुकले. तरी त्यानें धीर सोडला नाहीं. १९ जानेवारी २००२ रोजीं रात्रीं, बर्फ कोसळत असतां, अवघे २७ सेकंद उरले असतांना त्यानें ४५ यार्डांवरून चेंडू पार करून बरोबरी साधली, व पुढें जादा वेळांत सामनाही जिंकून दिला. पंधरा दिवसांनीं अजिंक्यपदाच्या सामन्यांत, अगदीं अखेरच्या क्षणीं, त्यानें ४८ यार्डांवरून विजय मिळवून दिला. २४ हंगामांत त्याचे २,६७३ गुण झाले. तितके त्यापूर्वीं कोणाचेच झाले नव्हते. ब्लेव्हिन्स यांसही पुढें मायामीच्या संघानें किकरांचे शिक्षक म्हणून नेमलें.

घरांतील मुलाचा ओढा आपणांस न येणाऱ्या विद्येकडे वळला, कीं ‘यांतलें आम्हांस काय कळतें’ म्हणून आपण वडीलधारीं माणसें बाजूस होतों. परंतु करतां येणें आणि पाहतां येणें या दोन निराळ्या विद्या आहेत. पहिली मुलास साधावयाची असेल, तर दुसरी आपण शिकावयास काय हरकत आहे?