जालिनूसचे ग्रंथ आणि हुनैनची यादी

ग्रीक वैद्यकात हिपोक्रॅटिस आणि गॅलेन ही दोन नावे अग्रगण्य होत. भारतातील युनानी हकीम त्यांनाच बुक्रात आणि जालिनूस म्हणतात. गॅलेनचा जन्म इ.स. 129 मध्ये आजच्या तुर्कस्तानातील पर्गामम येथे झाला. त्याने ग्रीक भाषेत विपुल लेखन केले. त्यातील बरेच मूळ ग्रीकमध्ये टिकले, पण सर्व नाही. उरलेल्यांपैकी काही ग्रंथ केवळ अरबी भाषांतरामुळे वाचले. ही भाषांतरे कशी झाली, याची माहिती स्वतः एका भाषांतरकारानेच लिहून ठेवली आहे.

हा भाषांतरकार म्हणजे हुनैन इब्न इसहाक (इ.स. 809–873). तो हीरा येथील अरबी ख्रिस्ती कुटुंबातला. वैद्यकी आणि भाषांतराचे कार्य मात्र अब्बासी खिलाफतीच्या बगदादमध्ये केले. ग्रीक, सुर्यानी आणि अरबी या तिन्ही भाषांवर त्याचे प्रभुत्व होते. इ.स. 856 च्या सुमारास एका स्नेह्याच्या आग्रहावरून त्याने पत्ररूपाने एक रिसाला लिहिला. त्यात गॅलेनच्या 129 ग्रंथांची नोंद आहे. कोणता ग्रंथ कोणी, कोणासाठी, कोणत्या भाषेत आणला आणि ते काम कितपत चांगले झाले, हे त्यात नमूद आहे. त्या वेळी त्याचा स्वतःचा ग्रंथसंग्रह हातातून गेलेला होता. त्यामुळे बरेचसे स्मरणावर विसंबून लिहावे लागले.

या रिसाल्यातून त्याची कार्यपद्धती स्पष्ट होते. वैद्यकातील पंथांविषयीचा गॅलेनचा ग्रंथ त्याने विशीत असताना एका अतिशय सदोष ग्रीक प्रतीवरून सुर्यानीत आणला होता. पुढे चाळिशीच्या सुमारास शिष्य हुबैश याने तो दुरुस्त करण्याची विनंती केली. तोवर हुनैनजवळ अनेक ग्रीक प्रती जमल्या होत्या. त्याने त्या एकमेकींशी ताडून आधी एक शुद्ध प्रत सिद्ध केली आणि मग तिच्याशी सुर्यानी मजकूर मिळवून दुरुस्त केला. प्रत्येक भाषांतरात आपण असेच करतो, असे तो सांगतो. आज ज्याला पाठचिकित्सा म्हणतात, तिचेच हे तत्त्व होय.

प्रती मिळवणे हेही कष्टाचे काम होते. तर्कसिद्धीवरील गॅलेनचा ग्रंथ शोधण्यासाठी हुनैन इराक, शाम, पॅलेस्टाइन आणि मिसर असा अलेक्झांड्रियापर्यंत फिरला. अखेर दमास्कसमध्ये सुमारे निम्मा ग्रंथ हाती आला. तो ग्रंथ पुढे लुप्तच झाला.

या परिश्रमांचे मोल शरीरविच्छेदनावरील ग्रंथावरून कळते. त्याचे 15 भाग होते. ग्रीकमध्ये पहिले 8 भाग आणि नवव्याचा आरंभ एवढेच उरले. मेंदूचे उर्वरित विवेचन, डोळे, जीभ, स्वरयंत्र, रक्तवाहिन्या, मज्जातंतू यांवरचे पुढचे भाग हुनैनच्या मंडळीने केलेल्या अरबी भाषांतरातच टिकले. माक्स सिमोन यांनी ते 1906 मध्ये जर्मन भाषांतरासह प्रसिद्ध केले. हुनैनचा रिसालाही 1925 मध्ये बेर्गश्ट्रेसर यांनी इस्तंबूलमधील हस्तलिखितावरून छापला.

युरोपशीही या कार्याचा संबंध जोडला गेला. अकराव्या शतकात इटलीतील मॉन्टे कॅसिनो मठात हुनैनची वैद्यकीय प्रश्नोत्तरी लॅटिन रूपात आली आणि तेथील विद्यार्थ्यांचे प्रारंभिक पाठ्यपुस्तक बनली. लॅटिनमध्ये त्याचे नाव ‘योहानिटियस’ झाले. बाराव्या शतकात टोलेडो येथे क्रेमोनाच्या जेरार्डने गॅलेनचे काही ग्रंथ अरबीतून लॅटिनमध्ये आणले. डोळ्याच्या आतील पडद्याला ग्रीकांनी जाळ्याची उपमा दिली होती. अरबीत तो ‘शबकिय्या’ म्हणजे जाळीदार पडदा झाला, लॅटिनमध्ये जाळे या अर्थाच्या शब्दावरून ‘रेटिना’. हाच शब्द आज प्रत्येक नेत्ररुग्णालयात ऐकू येतो.

म्हणूनच अरबी भाषांतरकारांना केवळ ‘ग्रीक ज्ञानाचे वाहक’ म्हणणे अपुरे आहे. वाहक हातातली वस्तू जशीच्या तशी पुढे देतो. हुनैनने प्रती शोधल्या, ताडल्या, स्वतःचेही जुने काम दुरुस्त केले, आणि जे मिळाले नाही त्याचीही प्रामाणिक नोंद ठेवली. ही संशोधकाची वृत्ती होय.